माझ्या आवाजाचे हात

—नाही हो, ह्यांना साधा ताप होता, उतरलासुद्धा. मी फोनवर उगाच ‘बरं नाही, बरं नाही’ म्हणत बसले आणि डायरेक्टर साहेबांच्या मनात भलतंच काहीतरी भरलं, नाहीतर तुमच्यासारख्या असिस्टंट बाईंना ऐन उन्हात आमचे जिने चढायला कशाला लावले असते त्यांनी? बसा ना. ती खुर्ची नको, तिचा एक पाय लंगडा आहे — इकडे कॉटवर बसा. हे आत आहेत. झोपलेत असं नाही, पडलेत जरा. उठवते की, उठवते, शूटिंग काय आज संध्याकाळीच आहे का? आधी घोटभर पाणी प्या. खिडकी? असू दे ना बंद. धूळ येते फार, आणि खाली गल्लीत भंगारवाले, धारवाले, पोरं, कुणी ना कुणी दिवसभर कोकलत असतं — ह्यांना तो कालवा सोसत नाही. तुम्हाला उकडतंय का? घाम तर आलाय खरा. बरं, उघडा. बोटभरच उघडा हं, जास्त नको.

कोट आणलात वाटतं? द्या इकडे. हाच तो, पिक्चरमधला बाप घालतो तो. खांद्याला ढगळ होईल आता, तापात उतरलेत थोडे, पण काळजी करू नका, आतून टाके घालून देते, कॅमेऱ्याला पत्ता लागायचा नाही. आयुष्यभर बाहुल्यांचे झगे शिवलेत मी, राजाचा अंगरखा माझ्या तळहातावर मावायचा, त्यापुढे हा कोट म्हणजे तंबूच. दाढी ना? तेवढीच आहे, साहेबांनी सांगितली होती तेवढीच, वाढू दिली नाही. दर दोन दिवसांनी मी कात्री घेऊन — म्हणजे तेच करतात, मी आपला आरसा धरते. साहेबांना सांगा, शूटिंग थांबलं तेव्हा माणूस जसा होता तसाच आहे, लेक झालेल्या नटीबाईंचं परदेशातलं काम उरकलं ना, मग आता होऊन जाऊ दे उरलेलं. हे काय लिहून घेताय? असं नका लिहू हो, शब्दाला शब्द लिहिला की साधी गोष्टसुद्धा भलतीच दिसते.

साहेबांनी ह्यांना कसं उचललं ते ठाऊक आहे का तुम्हाला? तुम्ही तेव्हा नव्हता, तो दुसरा असिस्टंट होता, सारखा शिंकणारा. कळसूत्री बाहुल्यांचा खेळ बघितलाय कधी? नाही ना — आता बघतंय कोण. लोकांना समोरून दिसतो तो वीतभर राजा. वर काळ्या पडद्यामागे फळीवर वाकून, दोन्ही हातांत पट्ट्या आणि दोऱ्या घेऊन उभा असलेला माणूस कुणाला दिसत नाही. आणि त्यालाही काही दिसत नाही बरं का! त्याला दिसतात फक्त बाहुल्यांच्या डोक्यांचे वरचे भाग. टाळू नुसते. राजा हसतोय का रडतोय, त्याला वरून काय कळणार? मग चालतं कसं? आवाजावर चालतं. खाली कडेला बसून सगळ्या बाहुल्यांचं बोलणं बोलायचं, ती मी. राजा मी, राणी मी, प्रधान मी, शिपाई मी, शिपायाचं घोडं खिंकाळतं तेसुद्धा मीच. मी आवाज टाकायचा आणि ह्यांच्या बोटांनी तो वरच्यावर झेलायचा. मी राणीचा हुंदका दिला की राणीचा हात डोळ्याला गेलाच. खुणा नाहीत, इशारे नाहीत, माझ्या श्वासावर चालायचे त्यांचे हात. आणि खेळ संपला की लोक जायचे कुणाकडे? ह्यांच्याकडे. काय हात आहेत, काय जादू आहे! मी पोत्यात बाहुल्या भरत असायची. एकानं विचारलं असेल का हो कधी, की एवढे सगळे बोलत होते ते कोण? एकानंही नाही.

तर साहेब आले होते खेळ बघायला. समोर बसून कंटाळले असतील, उठले आणि सरळ पडद्यामागे गेले. तिथे खालच्या दिव्याचा उजेड ह्यांच्या तोंडावर येत होता. राणी रडत होती ना खाली, तर वर हेही रडत होते. खरं पाणी, गालावरून. साहेबांनी मला खेळानंतर सांगितलं, मला हा चेहरा पाहिजे. मी दोऱ्यांचा गुंता सोडवत बसले होते, मला कळेना, कुठला चेहरा? इतकी वर्षं खेळ केला आम्ही, पण मी खाली आणि हे वर, मध्ये पडदा. ह्यांचं तोंड मी जेवताना बघितलेलं, भांडताना बघितलेलं, आजारपणात बघितलेलं. खेळातलं तोंड बघितलंच नव्हतं कधी. ते बघितलं कुठे, तर तुमच्या त्या स्टुडिओत, पडद्यावर, अनोळखी लोकांत बसून. एवढा मोठा चेहरा, आणि त्यावर सगळं — माया म्हणजे माया, दुःख म्हणजे दुःख. त्या पिक्चरमधल्या मुलीसाठी, जिचं खरं नावसुद्धा ह्यांना ठाऊक नाही! मला राग आला. हसा खुशाल, पण मला चांगलाच राग आला. माझ्यासाठी घरात कधी भुवई हलली नव्हती हो.

आमच्यातले पुष्कळ गेले पिक्चरमध्ये, हे काही एकटे नाहीत. खेळ बंद पडले, मग काय करणार? ह्यांचा चुलतभाऊ आहे, तो तर नुसता मरतो. खरंच सांगते, मरायचीच कामं मिळतात त्याला. गोळी लाग, जिन्यावरून पड, गाडीखाली जा — कारण दोरी सैल सुटली की अंग कसं कोसळतं ते आमच्या माणसांच्या हाडात असतं. आधी गुडघे, मग कंबर, आणि मान सगळ्यात शेवटी. आता तो घरी दुपारचा लवंडला तरी त्याची बायको येऊन नाकापाशी बोट धरून बघते म्हणे. एकदा तिनं मला विचारलं, वहिनी, तुमच्याकडे पण असंच होतं का? मी म्हटलं, छे गं बाई, आमचे बापाचं काम करतात. जिवंत बापाचं.

ह्यांची पहिल्या दिवसाची फजिती ऐकली असेल तुम्ही, युनिटमध्ये अजून सांगतात. टेबलाशी बाप-लेक बसलेत, लेक बोलतेय आणि बापानं गप्प ऐकायचंय, बस, एवढंच काम. ती म्हणाली, ‘रडून रडून डोळे सुजले माझे’ — आणि ह्यांचा हात गेला की स्वतःच्या डोळ्याला! ती म्हणाली, ‘मी निघून जाईन’ — हे उठून उभे! साहेब ओरडले, कट, काका, ती बोलतेय, तुम्ही का हलताय? पुन्हा घेतलं, पुन्हा तेच. मागून एक दिवेवाला दुसऱ्याला म्हणाला, ‘उचल, वर उचल’, तर ह्यांनी दोन्ही हात वर केले. सगळे पोट धरून हसत होते, आणि हे मध्ये उभे, हात वर, काय चुकलं ते कळत नाही अशा चेहऱ्यानं. मला रडू फुटायचं बाकी होतं. जन्मभर कानानं चाललेले हात ते, त्यांना काय कळतंय कुठला आवाज आपला आणि कुठला परका. मग मी साहेबांकडे गेले, म्हटलं, कॅमेऱ्याशेजारी मला एक स्टूल द्या. मी बसते आणि हळू बोलते — उठा, बसा, हात पुढे करा — बाकी कुणाकडे लक्ष देऊ नका म्हणून ह्यांना बजावते; फक्त ह्यांच्यावर कॅमेरा असताना दुसरं कुणी बोलायचं नाही. माझी कुजबुज नंतर पुसून टाकतात म्हणे, सोपं असतं ते. आणि जमलं! त्या दिवसापासून दुसऱ्या कुणाचा आवाज ह्यांच्या हातांपर्यंत पोचत नाही. फक्त माझा पोचतो. हे लिहा की. लिहायचंच तर हे लिहा.

डोळ्यांचं मात्र जमलं नाही, ते खरंय. साहेब घसा फोडून सांगायचे, काका, डोळ्यांत बघा तिच्या, डोळ्यांत! आणि हे आपले तिच्या भांगाकडे बघतायत. वरून टाळूकडे बघायची सवय, ती कुठली सुटते? माझ्याकडेसुद्धा तसंच बघतात, लग्नाच्या दिवसापासून. पहिल्यांदा मला वाटलं माझ्या केसांत काही अडकलंय. शेवटी साहेबच म्हणाले, राहू दे, लेकीच्या नजरेला नजर देऊ न शकणारा बाप, उलट बरंच आहे. मोठी माणसं, त्यांना सगळ्यातच काही ना काही दिसतं.

चहा ठेवू का? नको? मग तो दारातला सीन तरी बघितलात का तुम्ही, पुष्कळ वर्षांनी लेक दारात येते आणि बाप तिला ओळखत नाही, तो? काय सांगू! ती मेकअपवाली तोंड फिरवून रडत होती. साहेबांनी ह्यांना मिठी मारली, म्हणाले, काका, कुठून आणलंत हे? मीच म्हटलं, घरी सराव केला. कसला सराव! आदल्या रविवारी आमची मुलगी इथे, ह्याच दारात अशी पिशव्या घेऊन उभी राहिली आणि ह्यांनी विचारलं, ‘कोण पाहिजे आपल्याला?’ — तेच आठवून केलं असेल त्यांनी, असं म्हणायचंय मला. नट लोक नाही का घरातलं उचलतात? तसंच. असं बघू नका हो माझ्याकडे. वय झालं की माणूस विसरतो थोडंफार, तुमचे आजोबा विसरत नाहीत का? आणि हे काही आज सुरू झालेलं नाही, पिक्चरच्या आधीपासूनचं आहे, म्हणजे पिक्चरमुळे काही झालं असं तुमच्यावर यायला नको म्हणून सांगते.

एकदा भर खेळात मी राणीचा विलाप सुरू केला, आणि वरून उतरला कोण? शिपाई! मिशीवाला, कमरेला तलवार. आणि हात मात्र राणीचे — शिपाई आपला नाजूकपणे डोळे पुसतोय. दुसरी कुणी असती तर तिथेच वाचा बसली असती तिची. मी काय केलं? तशीच रडत रडत शिपायाचा घसा काढला, म्हटलं, ‘राणीसाहेबांना आज वेळ नाही, म्हणून रडायला मला पाठवलंय!’ लोक असे हसले, असे हसले, की मागची पोरं बाकांवर उभी राहिली. खेळ झाल्यावर हे खाली उतरले आणि मला म्हणाले, ‘आज लोक का हसले गं?’  मी म्हटलं, चांगला झाला म्हणून हसले. मग पुढे प्रत्येक खेळात मी बाहुल्या क्रमानं लावून ठेवायला लागले, वरून कोणतीही उतरली तरी तिच्या तोंडी घालायला काहीतरी तयार ठेवायला लागले. सावरून घेणं हेच तर माझं काम होतं जन्मभर. तुमच्या डबिंगच्या वेळी तरी काय केलं? अंधारी खोली, कानाला ते मोठं यंत्र, आणि ह्यांना बोलायची होती चार वाक्यं — आणि एक शब्द फुटेना. बाहेर साहेब वाट बघतायत. मग मीच — तो आवाजवाला माणूस हसला आणि म्हणाला, मावशी, कमाल केलीत, मी कुणाला सांगत नाही. बापाचा आवाज ऐकून सगळे म्हणाले ना, किती थकलेला, किती खरा आवाज आहे म्हणून? जाऊ दे. तुम्ही ऐकलं नाही असं समजा. तो माणूस बिचारा चांगला आहे, त्याच्या पोटावर पाय यायला नको.

खरं सांगू का तुम्हाला, आता एवढं बोललेच आहे तर. मुलगी मागे लागलीय. वाईट नाही हो ती, जीव आहे तिचा बापावर, पण तिनं एक जागा बघून ठेवलीय, अशा माणसांची. पुढे बाग आहे, नर्स आहेत, आणि बाहेरून कुलूप आहे. म्हणते, आई, तू पण थकलीस, तू पडलीस तर दोघांना कोण बघणार? मी म्हटलं, मी बघीन. तर म्हणाली — आमचं कधी नव्हे ते कडाक्याचं भांडण झालं त्या दिवशी — म्हणाली, ‘आई, ते तुलासुद्धा ओळखत नाहीत. तुला हे कळत कसं नाही?’ मी म्हटलं, चेहरा नसतील ओळखत. तो त्यांनी नीट बघितलाय कधी? पण माझा आवाज ओळखतात. जगात कुणाच्या आवाजावर त्यांचं बोट हलत नाही, माझ्यावर हलतं, हे ओळखणं नाही तर दुसरं काय आहे? शेवटी असं ठरलं की हा पिक्चर पुरा होऊ दे. पुरा केला ह्यांनी तर माणूस शाबूत आहे आणि घरीच राहील, मुलीनं पुन्हा नाव काढायचं नाही. आणि साहेबांनी मध्येच ह्यांना काढलं, तर मुलगी म्हणेल तसं. आता कळलं, मी तुम्हाला मघापासून बोलण्यात का गुंतवून ठेवलंय? तुम्ही जाऊन साहेबांना एक वाक्य सांगणार, आणि त्या वाक्यावर माझं घर आहे.

बघायचंच आहे ना ह्यांना? मग बघाच. जरा सरका, वाट द्या. आणि दचकू नका, मी आवाज बदलते — ‘उठा महाराज! दरबार भरला, सारे खोळंबले!’ — हा प्रधानाचा आवाज, राजा ह्याच आवाजावर उठतो. ऐका आता. ऐकलंत? पावलं. आले की नाही? या, या — ‘दरबारात यावं महाराज, डावा पाय उचला, उंबरठा आहे.’ आले! ‘आसन घ्या.’ बसले! ‘पाहुण्या आल्यात, हात उंचावा.’ हे बघा, हा उजवा हात, किती डौलात जातोय बघा, आहे का कुठे थरथर? आणि आता हे बघा, आता मी शब्दही बोलणार नाही, नुसता राणीचा हुंदका देते — बघितलंत? डोळ्याला गेला हात. अगं, तू कशाला रडतेस? वेडी कुठली. माफ करा, अगंतुगं केलं, पण तू माझ्या मुलीपेक्षाही लहान आहेस. पूस डोळे. यात रडण्यासारखं काय आहे? हा माणूस मला सोडून कुठेही गेलेला नाही, हेच तर दाखवतेय मी तुला.

काढ तो शेवटचा सीन. वाचून बघू, तुझी खात्री होऊ दे. लेकीचं बोलणं तू वाच, ह्यांचं मी बघते. अगदी मोकळेपणानं वाच, ते तुझ्या आवाजावर हलायचे नाहीत, तू भिऊ नकोस. वाच. ‘बाबा, द्या तो हात इकडे’ — हं, असंच, छान वाचतेस की तू, पुढचं — थांब. थांब जरा. हा हात पुढे कसा आला? मघाचाच राहिला असेल, मी खाली ठेवायला सांगितलं नाही ना त्यांना. खाली घ्या महाराज. हां. परत वाच, तेच वाक्य. …नाही, माझाच श्वास मोठ्यानं निघाला असेल, माझ्या श्वासावरसुद्धा हलतात ते, सांगितलं ना तुला. मी तोंडावर हात धरते, श्वास रोखून धरते, तू वाच. हळू वाच. नाटकी नको, तुझ्या साध्या आवाजात.

परत वाच.

आता ‘बसा’ म्हण. म्हण की. आता ‘उठा’ म्हण. — खाली कोण ओरडतंय ते? कुणाची आई पोराला हाका मारतेय, ‘वर ये, वर ये म्हणते ना!’ — अहो, तुम्ही कुठे निघालात? तुम्हाला नाही बोलावलं हो, ते पोराला चाललंय, बसा. बसा ना. ‘आसन घ्या महाराज!’ अगं बंद कर ती खिडकी. आधी खिडकी बंद कर! बोटभर म्हटलं होतं ना मी तुला, एवढी सताड कशाला उघडलीस?

मला ठाऊक नव्हतं. खिडकी मी धुळीसाठीच बंद ठेवायची. शेजाऱ्यांचा रेडिओ भांडून बंद करायला लावला तो माझं डोकं दुखतं म्हणून. मुलगी आली की तिला दोन शब्दसुद्धा ह्यांच्याशी बोलू द्यायची नाही, मध्येच मी बोलायची, ते — ते तिला त्रास नको म्हणून. तू काही विचारलंस का? नाही विचारलंस. बरं. नाही, पाणी नको मला. बस तू. असं तोंड करू नकोस, तुझी काय चूक आहे त्यात, तू आपलं लिहिलेलं वाचलंस. पहिल्याच दिवशी दिवेवाल्यानं ‘उचल’ म्हटल्यावर हात वर केले होते, सगळ्यांनी बघितलं होतं, मीही बघितलं होतं. मी म्हटलं, मी सुधारलं त्यांना. काय सुधारलं? सगळ्यांना गप्प बसवलं, एवढंच केलं मी. सगळ्या जगाला गप्प बसवलं आणि म्हटलं, बघा, फक्त माझं ऐकतात.

तुमची सोयच झाली म्हणा. स्टुलावर मी कशाला पाहिजे? कुणीही बोललं तरी चालेल. तूच बोल, छान वाचतेस. काय म्हणालीस? नाही गं, राग कशाचा धरू तुझ्यावर. मला काहीतरी मोठं हवं होतं असंही नाही. एवढंच हवं होतं की माझ्या आवाजाला ह्यांनी माझा आवाज म्हणून ओळखावं. बाकी सगळं गेलं तरी चाललं असतं मला. मुलीला किती तोऱ्यात सांगितलं होतं मी!

एक काम करशील माझं? छोटंसं आहे. मी ह्यांना म्हटलं ना ‘माझ्याकडे बघा’, की बघतात, पण इथे, भांगाकडे. आयुष्यभर तेच. तू म्हणून बघ. साहेब सेटवर ज्या सुरात म्हणायचे ना, त्या सुरात — ‘काका, डोळ्यांत बघा तिच्या’. माझ्याकडे बोट कर आणि म्हण. मी तोंड मिटून बसते, ह्यांच्या समोर, खाली, अशी. आवाज मी घोगरा करणार नाही, राणीचा करणार नाही, कुठलाच करणार नाही. म्हण.

पुन्हा एकदा म्हण.

…

हळू. हलू नकोस. बघतायत. भांगाकडे नाही गं, डोळ्यांत बघतायत माझ्या. हाच तो — तुमच्या स्टुडिओत पडद्यावर दिसला होता ना, हाच चेहरा. मला वाटलं होतं तो फक्त वर, पडद्यामागेच असतो. मी कुजबुजतेय तरी मान हलली नाही, बघितलंस? कोट घेऊन जा तू, टाके घालत बसायला नको, दुसऱ्या कुणाच्या अंगाला बरोबर बसेल. साहेबांना जे बघितलंस ते सांग, एक शब्द कमी नको. मुलीला मी कळवते, तिचंच खरं होतं, ती म्हणते तसं करू. आता ऊठ तू. पावलं वाजवू नकोस. दार नुसतं ओढून घे, आणि जाताना ‘येते’ म्हणू नकोस — तुझ्या आवाजानं मान वळेल ह्यांची.